आम्ही एक जूनची माणसं

ओल्या फडक्याने फळा पुसला की एक वास येतो. खडूची भुकटी, जुनं लाकूड आणि पाणी, तिन्हींचा मिळून एक. रोह्याच्या आमच्या कंपनीत कॅन्टीनच्या दाराशी असा एक काळा फळा अजून टिकून आहे. ऑफिसातले एक लिपिक रोज पहिली शिफ्ट आत यायच्या आधी तो पुसतात आणि वळणदार अक्षरात दिनविशेष लिहितात. आजच्या तारखेला कुठला राजा गादीवर बसला, कुठे तह झाला, कुठलं यान आकाशात गेलं. सगळ्यात खाली, रेघ मारून, कंपनीत आज कुणाचा वाढदिवस. एरवी त्या रेघेखाली एखादं नाव असतं, नाहीतर मोकळी जागा. एक जूनला मात्र त्यांची पंचाईत होते. नावं मावत नाहीत. मग राजाला वर सरकवावं लागतं, तह गाळावा लागतो आणि आमची ओळ फळ्याच्या चौकटीपर्यंत जाऊन भिडते.

आम्ही एक जूनवाले. तुमच्यातही कुणी असेल, तर त्याला वेगळं सांगायला नको. ज्यांच्या आईबापांना तारीख सांगता आली नाही, त्यांच्या नावापुढे गुरुजींनी शाळेत घालताना एक जून लिहून टाकला. शाळा जूनमध्ये सुरू होते, पोराचं वय नियमात बसतं, गुरुजींचं काम होतं. अशा रीतीने खाडीकाठची, डोंगरकडेची, वाड्यांवरची सगळी पोरं एकाच दिवशी जन्मली. आम्ही सगळे मिळून एकच केक आणतो आणि तो कापायला इतके हात पुढे येतात की सुरी कुणाच्या हातात आहे ते कळत नाही. पॅकिंगमधल्या आपा दर वर्षी तीच गोष्ट सांगतात आणि आम्ही दर वर्षी हसतो. “अम्मी म्हणाली, रमजानात झाली. मास्तर म्हणाले, रमजान तर दर साल सरकतो, बाई. मग लिहिला एक जून. तो बिचारा कुठे सरकत नाय!”

लिपिकभाऊ त्या दिवशी मुद्दाम वरती लिहितात, की आपल्या लाल गाडीची पहिली फेरी एक जूनलाच सुटली. मुंबई-पुण्याची ती जुनी लाडकी आगगाडीही एक जूनचीच, पुण्याच्या फलाटावर तिच्यासाठी अजून केक कापतात म्हणे. बस, आगगाडी आणि आम्ही. फरक इतकाच, की त्या दोघी खरोखर त्या दिवशी निघाल्या होत्या.

आमच्या घरातली पहिली बी.एस्सी. मी. हे सांगताना मी आवाज बारीक करत नाही. कासूच्या स्टेशनवरून गाडी पकडून पेणला शिकायला जायचे. हायस्कूलमध्ये परिपाठाला दिनविशेष वाचायचं काम माझ्याकडे होतं, कारण माझा आवाज मागच्या रांगेपर्यंत जायचा. मोठमोठ्या माणसांचे जन्म मी मोठमोठ्याने वाचले. वाचता वाचता मनात यायचं, की यांच्यातला एकजण तरी माझ्या दिवसाचा असेल. पण माझा दिवस कुठला? एक जूनला तर शाळेला सुट्टीच असायची, त्या दिवसाचा दिनविशेष कुणी वाचतच नसे.

आईला विचारलं की ती म्हणायची, “नवरात्रात कवातरी झालीस.”

“कवातरी म्हणजे कितव्या माळेला?”

“माळा मोजत बसलेली का मी? जा, पानी आन.”

ती पाठ करायची आणि विषय तिथेच मिटायचा. मला वाटायचं, खरंच विसरली असेल. दिवसभर खाऱ्या शेतात वाकून आलेल्या बाईने काय काय लक्षात ठेवायचं? पण मनातून जात नव्हतं. लग्नानंतर माझा मुलगा झाला, त्याच्या दाखल्यावर तास आणि मिनिटसुद्धा आहे. तो कागद हातात घेऊन मी बराच वेळ बघत बसले होते. एवढंसं पोर, पण त्याला आपण जगात नेमके कधी आलो ते ठाऊक असणार. मला हवं होतं ते एवढंच होतं. पत्रिकेसाठी नाही, केकसाठी नाही. आपल्या आयुष्याला पहिलं टोक असावं, म्हणून.

आई आता माझ्याकडे असते, रोह्याजवळ वरश्याला. यंदा होळीनंतर माझी थोरली चुलती गेली. आमच्या घरात जन्मभर तिचाच शब्द चालला. आणि आता या एक जूनला मी केकचा तुकडा डब्यात घालून घरी आणला, तेव्हा आईने त्याच्यावरचं क्रीम बोटाने चाखलं आणि म्हणाली, “दर साल आनतेस गो ह्यो. पन ह्यो तुजा नाय.”

मी हातातली पिशवी खाली ठेवली.

“तुजा भादव्यातला. सर्वपित्री अवशीचा.”

मग ती सांगत गेली, चाखत चाखत, जणू शेजारणीचं काही सांगावं तसं. पहिलं बाळंतपण म्हणून ती माहेरी होती, वडखळच्या पलीकडे, खाडीला लागून असलेल्या गावात. पेणच्या कारखान्यांतले गणपती जाऊन रंगाचे डबे उपडे पडलेले, पितृपंधरवड्याचा शेवटचा दिवस. घरोघरी पितरांची पानं वाढलेली. अवशीचं उधाण भर दुपारी चढलं आणि बांधावरून हाक आली, खांड गेली! बांध फुटून खारं पाणी शेतात शिरलं, की गावात माणूस घरी थांबत नाही. पुरुष, बाया, सगळे चिखलाची ढेकळं आणि पेंढ्याच्या गुंड्या घेऊन धावले. वाढलेली पानं तशीच राहिली. घरात ती आणि तिची आई. गाव बांधावर असताना मी झाले.

“संध्याकाळी मानसं आली चिखलानं भरलेली. शेत गेलेला सगळा. माजी आय बोलली, सासरी नवरात्र सांग. अवशीची पोर, वर बांध फुटला. तुजी जाव हिला जल्मभर अवदसा बोलेल, सोयरीक जमू देनार नाय.”

“आणि गुरुजींना?”

“देवीपुढं बसवल्यासारखी बसलेली मी शाळंत. तिथं खोटं येईना तोंडात. खरं सांगवना. बोलली, ठाव नाय.”

म्हणजे त्या एक जूनमागे आईचं विसरणं नव्हतंच. तिला वाटलं, मी रागावले. “चुलती गेली तुजी, आता कोन बोलनार? तुजा लगीन झाला, पोर झाला. म्हनून सांगितला,” ती म्हणाली आणि डब्यातला केक पुढे सरकवला.

पण मी रागावले नव्हते. मला आमची जुनी पडवी आठवत होती. सर्वपित्रीला आमच्या घरी, म्हणजे आईच्या सासरी, खीर-वड्यांचं पान वाढून कौलावर ठेवायचे, आणि कावळा शिवल्याशिवाय घरात कुणी तोंडात घास घालायचा नाही, असा चुलतीचा करडा नियम. आणि दर वर्षी, न चुकता, आई चुलीपाशी मला ओढून घ्यायची आणि पान उचलायच्या आधी खिरीचा घास माझ्या तोंडात कोंबायची. चुलती कडाडायची, “पितर उपाशी, न् पोरीला आदी?”

“रडतंय पोर, जाऊबाय.”

“रडतंय कुठं? हसतेय ती रांड!”

मी खरंच हसत असायचे. कॉलेजात गेल्यावरसुद्धा तो घास चुकला नाही. तेव्हा मी म्हणायचे, “आये, मी आता लहान आहे का?” आणि तरी तोंड उघडायचे. इतकी वर्षं ज्या दिवसासाठी मी झुरले, तो दर वर्षी माझ्या तोंडात गोड होऊन गेला होता. एवढ्या धाकाच्या घरात, पितरांचीही रांग मोडून, तिने तो पाळला होता.

फळ्यावर तो कधी येणार नाही. अवस तारखेला बांधलेली नाही, ती दर साल सरकते, आपांच्या रमजानासारखी. आणि एक जून मी सोडणार नाही. आमच्यातले दर वर्षी काहीजण निवृत्त होतात, नव्या पोरांच्या दाखल्यावर खऱ्या तारखा असतात. काही वर्षांनी लिपिकभाऊंना राजा आणि तह दोन्ही सुखाने लिहिता येतील. तोवर तो केक आमचा.

“आणि तुझा दिवस गो, आये?” मी विचारलं. ती शाळेत गेलीच नाही, तिला एक जूनही मिळाला नाही. आधार कार्डावर एक जानेवारी आहे, तोही कुणीतरी टाकलेला.

“ज्यांना ठाव होता ती सगळी गेली,” ती म्हणाली. मग बोटावरचं क्रीम चाटत, “येतील ना अवशीला जेवायला. इचार तेवाच.”

यंदा पान मीच वाढणार आहे. खीर झाली की कौलाकडे बघायच्या आधी दोन घास काढीन. एक ती मला भरवेल. दुसरा मी तिला.