फिंटन गॅलिगनची न झालेली साक्ष

फिंटन गॅलिगन लीट्रिम परगण्याच्या गोठ्यागोठ्यांतून दूध काढायची यंत्रं दुरुस्त करत फिरे. माणूस अबोल, बोललाच तर यंत्रांशी. अठ्ठावन्नाव्या वर्षी त्याला पिवळ्या रंगाची भीती वाटू लागली. ती त्यानं कुणाला सांगितली नाही.

नोव्हेंबरातल्या एका संध्याकाळी, पाचच्या सुमारास, ओल्या वळणावर त्याच्या व्हॅननं नोरीन डफीला उडवलं. नोरीन गावात केस कापायची. फिंटनच्या डोक्यावर तीस वर्षं तिचीच कात्री चालत आली होती. अंधारात रस्त्यानं जाणाऱ्यांसाठी चर्चच्या दारात फुकट वाटलेलं चकाकतं पिवळं जाकीट तिच्या अंगात होतं. शेजारच्या सीटवरून घरंगळणारा पाना धरायला फिंटन वाकला होता. मान वर केली तेव्हा काचभर पिवळं होतं. दुसरं काहीच नव्हतं.

अँब्युलन्सवाल्यांनी तिचे कपडे कापून काढले. पुढे ते कुठे गेले, कुणालाच कळलं नाही. तिसऱ्या दिवशी विमा कंपनीचा माणूस फिंटनकडे आला. बाईंच्या अंगावर चमकणारं काही होतं का, असं त्यानं विचारलं. होतं म्हणावं तर पुढचा प्रश्न ठरलेला, मग दिसली कशी नाही? फिंटन म्हणाला, "मला काहीच दिसलं नाही." त्या माणसानं ते लिहून घेतलं आणि फिंटननं खाली सही केली.

नोरीननं भरपाईचा दावा लावला. वर्षभरानं दाव्याला उत्तर गेलं, लिहिलेलं कंपनीच्या वकिलांनी, पण फिंटनच्याच नावानं. प्रतिवादीचं म्हणणं असं की वादी गडद कपड्यांत, जाकिटाशिवाय, बेफिकीरपणे रस्त्यानं चालत होती. सबब भरपाई कमी व्हावी. आपण असं कधी म्हणालो, हे त्याला आठवेना. पण जबाबावरची सही त्याचीच होती. त्यानं कंपनीला फोन केला. तिकडची बाई गोड बोलली. जबाबापासून हलू नका, माफी मागू नका, दावा मिटेपर्यंत त्या बाईंशी या विषयावर चकार शब्द काढू नका. जबाब खोटा ठरला तर भरपाईचा बोजा कदाचित तुमच्यावरच येईल, हेही तिनं तितक्याच गोडीनं सांगितलं.

"संत व्हायचंय तर मी मेल्यावर हो," त्याची बायको ऊना बटाटे सोलता सोलता म्हणाली. "तोवर मला डोक्यावर छप्पर लागतं."

सहा वर्षं गेली. रविवारी चर्चमध्ये नोरीन त्याच्या पुढच्याच बाकावर असे. प्रार्थनेत शेजाऱ्याचा हात हातात घेऊन त्याला शांती देण्याची वेळ आली की ती वळून डावा हात पुढे करी. उजव्याची बोटं आता मिटत नव्हती.

"शांती असो तुला, फिंटन."

"तुलाही."

एवढं बोलायला वकिलांची हरकत नव्हती.

सकाळी बसची वाट बघणारी शाळेची पोरं, रस्ता खणणारे मजूर, सायकलवरची टपालवाली, सगळ्यांच्या अंगावर तेच पिवळं. तो गाडी थांबवून त्यांना जाऊ देई. पुढे पुढे रिकाम्या वळणावरही थांबू लागला. मागचा गाडीवाला भोंगा वाजवी, शिव्या देई. रस्त्यावर कुणी नसायचं; तरी ते जे कोणी होतं, ते पलीकडे पोचेपर्यंत फिंटन हलत नसे.

खटल्याच्या आदल्या रात्री तो गाढ झोपला. घर गेलं तर जाऊ दे, शपथेवर खरं सांगायचं, असं त्यानं ठरवलं होतं. सकाळी दाढी केली, लग्नातला कोट घातला. दोन्हीकडचे वकील कोर्टाच्या पायऱ्यांवर चाळीस मिनिटं कुजबुजले आणि तडजोड झाली. जाकीट नव्हतं असं धरून भरपाईतला तिसरा हिस्सा कापला गेला. साक्षीदारांना घरी जायला सांगितलं.

तो घरी गेला नाही. नोरीनच्या दारात जाऊन उभा राहिला.

"मिळाली का बोलायची परवानगी?" ती म्हणाली. मग त्याच्या डोक्याकडे बघून, "केस कोण कापतं तुझे? खाटीक?"

तिनं डाव्या हातानं चहा ओतला. वकील सांगतील ते मान्य केलं, म्हणाली, कारण शपथेवर सांगण्यासारखं तिच्यापाशी काही उरलंच नव्हतं. नक्की आठवतं का, नक्की आठवतं का, असं सहा वर्षं सगळे विचारत राहिले. आधीच डोक्याला मार बसलेला. आता खुंटीवरून जाकीट काढणारा आपला हातच तिला दिसत नव्हता.

"मीच विसरले असणार. माझ्याच हातानं हे करून घेतलं मी."

"घातलं होतंस," फिंटन म्हणाला. "पुढून बंद केलेलं. मी पाहिलं, नोरीन."

तिनं किटली खाली ठेवली. "पुन्हा सांग."

त्यानं पुन्हा सांगितलं. तिनं आणखी एकदा सांगायला लावलं. तो बोलत असताना ती त्याचं तोंड न्याहाळत राहिली, जसं हॉस्पिटलात धीर द्यायला येणाऱ्यांचं न्याहाळायची. मग तिच्या चेहऱ्यावरचं काहीतरी विझलं.

"तू मनानं चांगला आहेस," ती हलकेच म्हणाली. "मला बरं वाटावं म्हणून म्हणतोयस. पण तुझा जबाब मी वाचलाय रे. घे, चहा निवतोय."