दाराच्या आतली ओळ

“रिकामी शेगडी मागे ठेवून जाणाऱ्याला मी माणसांत धरत नाही.”

हे हालवर ग्रिमस्टाड माझ्या दुकानात बोलला होता, काउंटरला कोपर टेकून, बासष्ट सालच्या शरदात. गावात नवीन आलेल्या एका सापळेवाल्याला तो सुनावत होता. त्या माणसाने कुणाच्या तरी खोपटात मुक्काम केला होता आणि तसाच निघून आला होता. आमच्याकडे जंगलातल्या खोपटांना कुलूप नसतं. कुणीही यावं, शेगडी पेटवावी, झोपावं. पण निघताना लाकूड फोडून ठेवायचं, शेगडीत ढलप्या रचायच्या, वर बर्चची साल, शेजारी कोरड्या आगकाड्या. पुढे येणाऱ्याची बोटं फक्त एक काडी ओढण्याइतकीच जिवंत असतील, असं धरून चालायचं. काय वापरलं आणि काय ठेवलं ते दाराच्या आतल्या बाजूला पेन्सिलीने लिहायचं.

हालवरला हे कुणी शिकवायला नको होतं. सस्कॅचेवानच्या गव्हाच्या शेतातून तो बाविसाव्या वर्षी इकडे आला आणि दहा वर्षांत कॅनडाच्या उत्तरेतल्या युकॉनच्या ज्या नद्यांना नकाशावर नुसती तुटक रेघ होती, त्या त्याने पाठीवर होडी वाहून, पायांनी मोजून पुऱ्या केल्या. अंगात कला होती त्याच्या. पाण्याचा आवाज ऐकून पुढच्या वळणाला खडक आहे की वाळू, ते सांगायचा. बोलायचा कमी. बोलला की ऐकावंसं वाटायचं, आणि बहुधा तिथेच पुढचं सगळं बिघडलं.

त्रेसष्टच्या फेब्रुवारीत तो एकटाच डोंगरापलीकडे निघाला. आमच्या गावच्या इलायस चार्ली या सापळेवाल्याच्या वाटेवरचं शेवटचं खोपट हा त्याचा मधला मुक्काम. तिथे त्याला वादळाने सहा दिवस कोंडलं. सातव्या दिवशी आभाळ उघडलं. पलीकडच्या तळ्यावर त्याला न्यायला विमान येणार होतं, ते एकच दिवस थांबणार होतं. तो धावत सुटला आणि विमान त्याला मिळालं. गावाला निरोप द्यायचं मात्र कुणालाच सुचलं नाही.

ठरलेल्या दिवशी हालवरची काहीच खबर आली नाही म्हणून इलायस कुत्र्यांची गाडी जोडून त्याला शोधायला निघाला. उणे अठ्ठेचाळीस होतं. ज्याला शोधायला तो निघाला होता, तो माणूस तेव्हा व्हाइटहॉर्स शहरात गरम पाण्यात पाय सोडून बसला होता.

खोपटाच्या अलीकडे नदीच्या बर्फावर पाणी चढलं होतं. त्यात इलायस कमरेपर्यंत गेला. खिशातल्या काड्या भिजल्या. अंधार पडता पडता तो खोपटात पोचला, शेगडीचं दार उघडलं आणि आत हात घातला. आत राख होती. फळीवर चाचपडला, तिथे काही नव्हतं. दोन दिवसांनी त्याचा मेहुणा पोचला तेव्हा इलायस कुत्र्यांच्या पोटाखाली हात खुपसून पडलेला होता. जीव वाचला. बोटं आठ गेली.

“दारावर त्याने लिहिलं असणार काहीतरी,” इलायस सांगायचा. “अंधारात दिसलं नाही. नुसता हात फिरवला. लाकडावर काय कळतं?”

हालवर दवाखान्यात आला होता. पीचचा डबा घेऊन आला, शेजारी बसला आणि एकेक फोड चमच्याने इलायसला भरवली. डबा संपला. शेगडीचं नाव काढलं नाही.

“सांगेल,” इलायस बायकोला म्हणाला. “रीत माहीत आहे त्याला. अशा गोष्टीला वेळ लागतो.”

तीन वर्षांनी पुस्तक आलं. हालवरने नद्या सोडल्या होत्या आणि व्हँकुव्हरला घर घेतलं होतं. पुस्तक चांगलं होतं, हेच वाईट. थंडी वाचताना अंगाला लागायची. खोपटाचं प्रकरण सगळ्यांत गाजलं. त्यात लिहिलं होतं: “निघण्यापूर्वी मी शेगडीत ढलप्या रचल्या, साल ठेवली, काड्या कोरड्या फळीवर ठेवल्या. उत्तरेचा हाच धर्म.” आणि पुढच्याच पानावर: “काही दिवसांनी एक स्थानिक सापळेवाला त्याच रचलेल्या शेगडीपाशी आपली बोटं गमावून बसला. अरण्य अनुभवी माणसालाही क्षमा करत नाही.”

नाव घातलं नव्हतं. घालायची गरजही नव्हती. आमच्या भागात बोटं नसलेला सापळेवाला एकच होता.

गावाने इलायसवरच विश्वास ठेवला. पत्ते खेळताना त्याला थट्टेने हटकून म्हणायचे, “वाट रे पानं!” आणि तो म्हणायचा, “वाटतो की. डाव मात्र तुमच्या हातातून काढून घेईन.” पण उन्हाळ्यात दक्षिणेकडून शिकारी यायचे, पुस्तक वाचून आलेले. एकाने माझ्या दुकानात, इलायस दाराशी उभा असताना, मोठ्याने विचारलं, “पेटवायची शेगडी समोर असून गोठला तो हाच ना? प्यायलेला होता का?” मी चहा मोजत होतो. मोजत राहिलो. पुस्तकाच्या प्रती माझ्याच दुकानात, चहाच्या वरच्या फळीवर विकायला होत्या.

एकोणऐंशीत इलायस गेला.

चौऱ्याऐंशीत प्रकाशकाचं पत्र आलं. पुस्तकाची नवी आवृत्ती निघणार होती आणि खोपटाचं प्रकरण इकडच्या शाळांच्या वाचनपाठात जाणार होतं. हालवर गावाच्या हॉलमध्ये स्वतः ते वाचून दाखवणार होता. पर्सिसमावशीची, म्हणजे इलायसच्या बायकोची, नात तेव्हा सहावीत होती. तिला वर्गात उभं राहून आपल्या आजोबाचा मूर्खपणा वाचावा लागला असता.

“एक परिच्छेद बदलायचा,” मावशी मला म्हणाली. “छापायच्या आधी. तो आला की मी त्याला विचारणार.”

“मावशी, वीस वर्षांत बोलला नाही तो.”

“वीस वर्षं मी तरी कुठे विचारलं?”

त्या वर्षी तिचा जावई मूस हरणाच्या मागे त्या जुन्या वाटेवर गेला होता. इलायसच्या अपघातानंतर तिकडे कुणी फिरकलं नव्हतं. खोपटाचं छप्पर आत बसलं होतं. दार तेवढं उभं होतं. ते त्याने बिजागऱ्यांसकट काढून आणलं.

हॉल भरला होता. मूसचं सार, बॅनॉकच्या जाड रोट्यांच्या थाळ्या, चहाची किटली. हालवर आला तेव्हा त्याच्या टकलाकडे बघून मागून कुणीतरी ओरडलं, “हालवर, केस कुठल्या नदीत सोडून आलास?” तो हसला. सगळे हसले. तो अजून आमचा होता, निदान तेवढ्यापुरता. मग त्याने वाचलं. आवाज अजून तसाच होता. “उत्तरेचा हाच धर्म” या वाक्याला पाहुण्यांच्या रांगेतून टाळ्या आल्या. गावकऱ्यांचे हात मांडीवरच होते.

टाळ्या थांबल्यावर मावशी उठली. जावयाने दार आणून टेबलाला उभं टेकवलं, आतली बाजू पुढे करून.

“हालवर, तू वाचायला आलास ना? मग हेही वाच. माझी नजर अधू झाली आहे.”

दारावर वीस-पंचवीस ओळी होत्या, वेगवेगळ्या हातांच्या. इलायसच्या, त्याच्या बापाच्या. सगळ्यांत खालची अजून स्पष्ट होती. मी पहिल्या रांगेत होतो. मला वाचता आली.

“सहा दिवस. लाकूड संपवलं. काड्या संपल्या. थांबता येत नाही. माफ करा. ह. ग्रि.”

त्याने चष्मा चढवला. वाकला. ओळ मनातच वाचली. पेन्सिलीच्या रेघेजवळ बोट नेलं, पण टेकवलं नाही.

“तू तसाच निघालास, ही चूक नाही,” मावशी म्हणाली. “विमान गाठायचं होतं, समजू शकते. इलायसलाही समजलं असतं. तो वाट बघत होता रे. पीच खात वाट बघत होता.”

कुणीतरी खुर्ची सरकवली.

“आमच्या घरात तुझं पुस्तक सगळ्यांनी वाचलंय. त्यातलं एकही वाक्य या ओळीच्या जवळपास येत नाही. हे तुझं सगळ्यांत चांगलं लिहिलेलं आहे, हालवर. हेच छाप. पोरगी हे वाचेल वर्गात. मान वर करून वाचेल.”

पाहुण्यांच्या रांगेतला शाळा मंडळाचा माणूस चाचरत म्हणाला, “ग्रिमस्टाड साहेब, तुम्ही नुसतं हो म्हणालात तरी पान बदलता येईल. अजून छपाईला गेलेलं नाही.”

हालवर सरळ झाला. चष्मा काढून डबीत ठेवला. डबीचं झाकण नीट बसेना, ते त्याने दोनदा दाबलं. पुस्तक उचललं. मावशी त्याच्या तोंडाकडे बघत होती, आणि तिच्यामागे सगळं गाव. मीही बघत होतो. माझ्या फळीवरच्या प्रती मला आठवत होत्या.

तो रांगांच्या मधून चालत गेला. दाराजवळ हॉलची मोठी शेगडी आहे, शेजारी लाकडाची पेटी. बाहेर पडणारा प्रत्येक जण सवयीने एक ओंडका आत सरकवतो. शेगडी मंद झाली होती. त्याचा हात पेटीकडे गेला, ओंडक्यावर टेकला, तसाच राहिला.

मग हात रिकामाच मागे आला. त्याने कोटाची कॉलर वर केली, दार ओढलं आणि बाहेर गेला.