धनेश मालशेचा अर्धा इंच

धनेश मालशेची उंची कमी व्हावी म्हणून त्याच्या वडिलांनी पाच आठवडे खटपट केली. ती कमी झाली असती तर त्याला परदेशात बास्केटबॉल खेळण्याची नोकरी मिळणार होती. हे मी दोनदा वाचून पाहिलं. बरोबर आहे.

मालशे सिंगापुरात तोआ पायोहला आमच्याच मजल्यावर राहतात, दोन दारं सोडून. गोपीनाथ बंदरात सर्व्हेअर. बोट पाण्यात किती खोल बसली आहे हे तिच्या अंगावरच्या आकड्यांवरून वाचायचं आणि पोटात माल किती ते सांगायचं, हे त्याचं काम. तो स्वतः पाच फूट सहा, बायको रत्ना जेमतेम पाच. मुलगा एवढा कसा वाढला हे कुणालाच सांगता आलं नाही. रत्ना मात्र ठामपणे सांगे की नाचणीच्या सत्त्वामुळे, आणि वीस वर्षांत एक दिवसही खाडा केला नसल्याचं सांगून आमच्याकडे रोखून बघे.

सक्तीची लष्करी नॅशनल सर्व्हिस करून धनेश विद्यापीठात इंजिनियरिंगला गेला आणि तिथे बास्केटबॉलच्या संघात सेंटरला खेळू लागला. संघातली बाकीची मुलं चिनी, कोचही चिनी, आणि तो सगळ्या सूचना मँडरिनमध्ये देई. धनेशला त्यातलं अक्षरही कळत नसे. म्हणून कोच काहीही ओरडला की तो दोन्ही हात वर करून उभा राही. त्याच्या हिशेबाने दहातल्या आठ वेळा ते बरोबर निघायचं. शेवटच्या वर्षी एका सामन्यात त्याने एकतीस गुण केले, आणि वर्तमानपत्रात त्याचा पायांपासून हनुवटीपर्यंतचा फोटो आला.

सतरा जून १९९५ला मनिलाहून पत्र आलं. तिथे कंपन्यांचे संघ एका व्यावसायिक लीगमध्ये खेळतात. पत्र डबाबंद सार्डिन मासे विकणाऱ्या कंपनीचं होतं. गोपीनाथला इंग्रजी उत्तम येतं, पण कराराचं इंग्रजी माझ्याकडून वाचून घ्यायची आमच्या मजल्यावर पद्धत आहे. म्हणून मला बोलावणं आलं. पत्रात धनेशचा उल्लेख 'इम्पोर्ट' असा होता. परदेशी खेळाडूला तिथे तसंच म्हणतात. गोपीनाथने गंभीरपणे विचारलं, यावर ड्यूटी कोण भरणार? जर्सीवर छातीभर मासा असणार हे कळल्यावर रत्नाचा चेहरा पडला. मालशे कांदासुद्धा चातुर्मासात खात नाहीत.

"छातीवर आहे, पोटात नाही," गोपीनाथ म्हणाला.

खरी अडचण चौथ्या कलमात होती. स्थानिक खेळाडूंवर अन्याय नको म्हणून त्या लीगने इम्पोर्टच्या उंचीला मर्यादा घातली होती: नॉट एक्सीडिंग सिक्स फीट फाइव्ह इंचेस. कंपनीचा माणूस बावीस जुलैला सकाळी सिंगापूरला येऊन डॉक्टरसमक्ष माप घेणार आणि दुपारच्या विमानाने परत जाणार. धनेश सहा फूट साडेपाच इंच होता.

पत्राची घडी करून त्याने ते शर्टाच्या खिशात ठेवलं. पुढचे पाच आठवडे ते पत्र मी त्याच्या कुठल्या ना कुठल्या खिशात पाहिलं. इथे एका हार्ड डिस्कच्या कारखान्यात त्याची नोकरी जवळजवळ ठरली होती. ती त्याला नको होती हे मजल्यावर सगळ्यांना माहीत होतं.

गोपीनाथने कामाला सुरुवात केली. दाराच्या चौकटीवर पट्टी चिकटवून त्याने मुलाला सकाळ, दुपार, संध्याकाळ असं दहा दिवस मोजलं. तेव्हा शोध लागला की धनेश सकाळी सहा फूट साडेपाच असतो आणि संध्याकाळी सहा फूट पावणेपाच. दिवसभर उभं राहून माणसाचा कणा दबतो, झोपला की पुन्हा मोकळा होतो.

"ह्याला भरती-ओहोटी आहे," गोपीनाथ मला कॉरिडॉरमध्ये गाठून म्हणाला. आवाजात हरवलेली बोट सापडल्यासारखा आनंद होता. "सकाळी नवाला ओहोटी आणायची, एवढंच."

त्यासाठी धनेश खांद्यावर तांदळाची पोती घेऊन कॉरिडॉरमध्ये फेऱ्या मारू लागला. रत्ना हे बघायला बाहेर येत नसे. 'मी इंच इंच करून वाढवला, आणि हे पोती लादून दाबतायत,' असं ती आतूनच म्हणे.

मग गोपीनाथच्या लक्षात आलं की केसांचीही जाडी असते. माप घेणाऱ्याने पट्टी केसांवर टेकवली तर? धनेश खाली ब्लॉकमधल्या न्हाव्याकडे गेला आणि गुळगुळीत डोकं करून आला.

आमच्या तमिळ शेजाऱ्यांना वाटलं, मुलाने नवस फेडला. त्यांनी हात जोडून कौतुक केलं. पण संध्याकाळी एमआरटीत, म्हणजे इथल्या मेट्रोत, त्याला पद्माकर चितळ्यांनी लांबून पाहिलं. पद्माकरराव राहतात पासिर रिसला, बेटाच्या पार टोकाला, पण सिंगापुरातल्या कुठल्याही मराठी घरातली बातमी त्यांना आधी कळलेली असते. एकुलत्या एका मुलाचं मुंडण त्यांनी पाहिलं, आणि जो अर्थ आपण सगळे लावू तोच लावला. दुसऱ्या दिवशी ते, त्यांची पत्नी आणि पिठलं-भाताचा चार पुडाचा डबा असे मालशांच्या दारात उभे राहिले. दार गोपीनाथने उघडलं.

पद्माकरराव तयारी करून आले होते. वाक्य ओठांवर होतं, ते थांबवणं त्यांना जमलं नाही.

"गोपीनाथराव गेल्याचं कळलं," ते गोपीनाथलाच म्हणाले.

"आत्ताच आले," गोपीनाथ म्हणाला. "ऑफिसातून. बसा."

डबा परत नेणं बरं दिसेना, म्हणून सगळे जेवायला बसले. मलाही हाक मारली. पिठलं चांगलं होतं. चितळे मंडळी चार दिवस फोन करून लोकांना गोपीनाथ जिवंत असल्याचं कळवत होती, आणि तरी रविवारपर्यंत आणखी दोन डबे आले. त्यातल्या एका बाईने रत्नाच्या कपाळाकडे बघून 'काय हो हे' असा चेहरा केला. पाहुणे गेल्यावर रत्ना बाहेर आली, कोपऱ्यातलं तांदळाचं तिसरं पोतं तिने ओढत आणलं आणि मुलाच्या पायाशी ठेवलं.

"एवढी शोभा झालीच आहे," ती म्हणाली. "आता पास हो."

बावीस तारखेला सकाळी आम्ही चौघं कंपनीच्या माणसाच्या हॉटेलातल्या खोलीवर पोचलो. करार वाचायला मी हवीच होते. धनेश आदल्या दुपारपासून आडवा झाला नव्हता. रिकाम्या एमआरटीतही तो उभाच राहिला. कंपनीचे मिस्टर बाउतिस्ता अतिशय विनम्र गृहस्थ. त्यांनी क्षमा मागितली. डॉक्टरांना यायला थोडा उशीर होता.

साडेनऊपर्यंत धनेश भिंतीला टेकून उभा होता. पावणेदहाला तो हळूहळू वाकला, बाउतिस्तांच्या पलंगावर आडवा झाला आणि घोरू लागला. पाय पलंगाबाहेर वीतभर.

गोपीनाथ पांढराफटक पडला. त्याने घड्याळ काढलं. झोपेच्या पहिल्या तासात माणूस सर्वात जास्त वाढतो, हे त्याने मुलाला झोपेतून उठवून मोजून काढलं होतं. तो मुलाच्या खांद्याला हात घालणार एवढ्यात रत्ना पलंगाच्या कडेला मध्ये बसली.

"हात लावू नका."

"अगं, वाढतोय तो. आपल्यादेखत वाढतोय."

"वाढू दे. रात्रभर उभा आहे माझा मुलगा." तिने मुलाच्या तुळतुळीत डोक्यावर पदर घातला, कारण एसीचा झोत थेट येत होता. "तुमची ती बोट नाही."

गोपीनाथ खुर्चीत बसला. बाउतिस्तांना मराठी येत नव्हतं. त्यांनी अदबीने टीव्ही बंद केला. चाळीस मिनिटं आम्ही त्या मुलाला वाढताना बघत बसलो.

डॉक्टर आले. धनेशला उठवलं. तो उठला तो घाबरून, आधी वडिलांकडे आणि मग पलंगाकडे बघत. मापाच्या दांडीखाली उभा राहिला. डॉक्टरांनी पट्टी टाळूवर टेकवली, चष्मा पुसला, पुन्हा वाचलं.

सहा फूट पाच. बरोबर.

बाउतिस्तांचा चेहरा उतरला. पाचच्या आत हवं होतं, ते म्हणाले. मी चष्मा लावला आणि त्यांना चौथं कलम मोठ्याने वाचून दाखवलं. मग सांगितलं की 'नॉट एक्सीडिंग' म्हणजे पाचाच्या पुढे नाही; पाच चालतात. तुम्हाला 'बिलो' म्हणायचं होतं तर तसं लिहायचं होतं. माझ्या शाळेत नन्स ज्या आवाजात व्याकरण सांगत, तो आवाज बहुधा बाउतिस्तांच्याही शाळेत होता. ते उभे राहिले, 'येस, मॅडम' म्हणाले आणि त्यांनी सही केली.

धनेश मनिलात दोन मोसम खेळला. दर मोसमाआधी माप, दर मापाआधी पोती. ती आता कंपनी पुरवत असे. १९९७च्या शेवटी लीगने उंचीची मर्यादा काढून टाकली. सात-सात फुटी अमेरिकन आले आणि धनेश सर्वात बुटका इम्पोर्ट ठरला. करार संपवल्याचं पत्र वाचायला मला बोलावलं. कारण एका ओळीत होतं: उंची अपुरी.

रत्नाने मला ती ओळ पुन्हा वाचायला लावली.

"अपुरी?" ती म्हणाली. "काकू, कागद घ्या. मी सांगते, तुम्ही इंग्रजीत लिहा."

ती बोलली ते सगळं इंग्रजीत येण्यासारखं नव्हतं, पण मी दीड पान लिहिलं आणि रजिस्टर करून पाठवलं. उत्तर आलेलं नाही. दरम्यान धनेशला तैपेईच्या एका संघाने घेतलं. त्यांनी फक्त बुटांचा नंबर विचारला.