विरुद्ध पक्षाचे आमचे वकीलसाहेब

त्या भांडणात आमचं काय काय गेलं? वकिलांच्या फिया सोडून द्या, त्या जायच्याच असतात. कॉलेजचं गॅदरिंग गेलं, वाचनालयाच्या दाराला दोन गटांची दोन कुलपं लागली आणि माझ्या बहिणीचे यजमान, आमचे भावोजी राणे, गणपतीला माझ्या घरी आले नाहीत. कमाईच्या बाजूला नाव एकच, अ‍ॅडव्होकेट दत्ताराम पेडामकर. साहेबांची आणि माझी पहिली ओळख झाली तीही कोर्टात, ते विरुद्ध पक्षाचे वकील म्हणून.

मी कारखान्यात लेथवर उभा राहून वर आलेला माणूस. कायद्यातलं फारसं कळत नाही, पण कोण काय बोललं ते कानात राहतं. गिरण्यांचा संप चालू होता ते वर्ष. घाटकोपरच्या आमच्या कॉलेजात निम्मी मुलं गिरणीकामगारांची. कॉलेज चालवणाऱ्या आमच्या संस्थेच्या निवडणुकीत वाद होऊन दोन कार्यकारिणी झाल्या. एकीचे अध्यक्ष आमचे बाबूराव सावंत, दुसरीचे भावोजी. दोघांनी आपापले प्रभारी प्राचार्य नेमले. मग विद्यापीठाने बी.कॉम.च्या शेवटच्या वर्षाचे परीक्षेचे फॉर्म परत पाठवले. खरी सही कोणाची ते आधी ठरवा, असं त्यांचं म्हणणं. मुदत संपत आली होती. बाप संपावर, आणि पोराचं वर्ष आमच्या खुर्च्यांपायी बुडणार.

बाबूराव मात्र निश्चिंत. "आपली निवड शंभर नंबरी आहे रे. कोर्टात उभं राहिलो की स्टे हातात," असं ते येईल त्याला सांगत.

भावोजींच्या कार्यकारिणीवर स्टे मागणारा आमचा अर्ज दिवाणी कोर्टात लागला. आमचे मोठे वकील बराच वेळ बोलले. पेडामकरसाहेब उठले आणि एवढंच म्हणाले, की सार्वजनिक न्यासाचे विश्वस्त कोण हे ठरवायचं काम धर्मादाय आयुक्तांचं, दिवाणी न्यायालयाला त्यात हात घालता येत नाही. न्यायाधीशांना ते पटलं. आमचा अर्ज फेटाळला गेला.

बाहेर व्हरांड्यात भावोजींच्या माणसांनी पेढ्यांचा पुडा सोडला. साहेबांनी पेढा घेतला नाही. गळ्यातला पांढरा बँड काढत ते आपल्याच अशिलाला म्हणाले, "राणे, कोर्टाला अधिकार नाही एवढंच मी दाखवलं. तुम्हाला आहे, असं कुठे म्हणालो?"

मग त्यांनी आम्हालाही जवळ बोलावलं. धर्मादायचा निकाल यायचा तेव्हा येईल, परीक्षा थांबणार नाही. दोन्ही गटांनी आपापले दावे शाबूत ठेवावेत. फॉर्मवर सही मात्र सगळ्यांत ज्येष्ठ प्राध्यापिका कर्णिकबाईंनी करावी. बाईंबद्दल कुठल्याच गटाची तक्रार नव्हती. जिंकल्यावर आम्ही का वाकायचं, म्हणून भावोजी तापले. साहेब शांतपणे म्हणाले, उद्यापासून दुसरा वकील बघा. भावोजी सहीला तयार झाले.

कोर्टाबाहेरच्या टायपिस्टकडे उभ्या उभ्या पत्र टाइप झालं. दोन्ही अध्यक्षांनी एकमेकांचं तोंड न बघता सह्या केल्या. विद्यापीठ जवळच, साहेब स्वतः माझ्याबरोबर चालत आले. तिथल्या अधिकाऱ्यांनी पत्र वाचलं आणि उद्या फॉर्म आणा म्हणाले. मी तिथेच पायरीवर बसलो. साहेबांनी चहा मागवला आणि म्हणाले, "पुढच्या गणपतीला भावोजींना बोलवा. त्याला कुठल्या कोर्टाची परवानगी लागत नाही."

मुलं परीक्षेला बसली. भावोजी गणपतीला आले, मोदकांना नावं ठेवून गेले.

तेव्हापासून मालाड-दहिसरपर्यंतच्या संस्थांचे लोक भांडणं घेऊन मुलुंडला साहेबांच्या घरी येतात. साहेब आधी विचारतात, यात कोणाचं पोर अडकलंय का? मग कागद उघडतात. निम्म्या लोकांना चहा पाजून परत पाठवतात. वहिनी म्हणतात, यांच्या वकिलीपेक्षा माझी चहापत्ती जास्त चालते.

साहेबांना साठ वर्षं पूर्ण होत आहेत. त्यांचा आवाज असाच खणखणीत राहो, कोर्टाचे जिने चढताना गुडघे कुरकुरू नयेत, आणि आमच्यासारख्या भांडखोरांना वेळीच घरी पाठवायला त्यांना अजून पुष्कळ वर्षं मिळोत.

नव्या सभासदांच्या माहितीसाठी एक सांगतो. धर्मादाय कार्यालयाचा निकाल यथावकाश आला. निवडणुकीच्या सभेची नोटीसच नियमाप्रमाणे निघाली नव्हती. दोन्ही गटांच्या निवडी रद्द झाल्या.