सही असलेला फॉर्म बाद

चूक बाबांची. आधीच सांगून टाकतो, म्हणजे शेवटी कुणी मला समजवायला येणार नाही.

अकरावीत आम्ही चौघे क्रिकेट खेळत होतो आणि शाळेच्या लॅबची काच फुटली. कुणाच्या बॉलने, ते कुणालाच माहीत नव्हतं. तिघांचे बाप शाळेत येऊन भांडले, तिघे सुटले. माझे बाबा आले आणि हेडमास्तरांनी पुढे सरकवलेल्या कागदावर सही करून गेले. तो माझ्या टीसीचा अर्ज होता! बाबा डिफेन्स फॅक्टरीत स्टोअरकीपर. कागद दिसला की सही. पाच वर्षं झाली, घरात या विषयावर एक शब्द नाही. 'चूक माझी' एवढंच मला त्यांच्या तोंडून एकदा ऐकायचंय, बस्स.

दुसऱ्या शाळेत मी गेलोच नाही. आता वसुंधरा मॅडमकडे काम करतो. त्या शिक्षण-मानसशास्त्रज्ञ. शाळेत शिक्षा सगळ्यांना सारखी होते का, हा त्यांचा रिसर्च. चेन्नईभर फिरून शिक्षकांकडून फॉर्म भरून आणायचे, हे माझं काम. जातो फॉर्म आणायला, येतो किस्से घेऊन. मोठी माणसं शिस्तीवर बोलायला लागली की बॅग कमी पडते!

* * *

गिंडीच्या एका शाळेतले पी.टी. मास्तर छाती फुगवून म्हणाले, "आपल्याकडे भेदभाव नाही. सगळी पोरं मला सारखी!"

त्यांच्या मागे ग्राउंडवर, भर उन्हात, तीन पोरं गुडघ्यांवर.

"आणि ही, सर?"

"ही होय? ही रोजचीच!"

* * *

मॅडमची युक्ती अशी. प्रसंग एकच: मुलगा वर्गात उशिरा आला आणि उलट बोलला. निम्म्या फॉर्मवर तो पहिला येणारा, निम्म्यांवर नापास होणारा. शिक्षकांना हे सांगायचं नाही.

जॉर्ज टाउनच्या शाळेत दोन टीचर शेजारी बसल्या. जन्मभर पोरांच्या कॉप्या पकडलेल्या बायका, पाचव्या मिनिटाला एकमेकींच्या फॉर्ममध्ये डोकावल्या! एकीने लिहिलं होतं, "समज द्यावी". दुसरीने, "तीन दिवस सस्पेंड".

"अय्यो! तुझा मुलगा हुशार, माझा नापास?"

मला वाटलं, आता तरी डोक्यात प्रकाश पडेल. बाई माझ्याकडे वळल्या.

"मलापण हुशार मुलगा दे. नवीन फॉर्म आण!"

* * *

फॉर्मवर ठळक छापलंय: नाव लिहू नये, सही करू नये. लोकांनी न घाबरता लिहावं म्हणून हा नियम. सही दिसली की फॉर्म बाद.

अंबत्तूरच्या एका हेडमास्तरांनी हिरव्या शाईत सही केली, शिक्का मारला, तारीख घातली.

"सर, सही करायची नव्हती. वर सूचना आहे."

"वाचली. ती स्टाफसाठी आहे."

* * *

मॅडमनाही मी सोडत नाही. त्या तंजावरी मराठी घरातल्या. कौतुक मराठीत करतात, रागावतात तमिळमध्ये. एकदा मी वीस मिनिटं उशिरा पोचलो: तमिळ! त्याच दिवशी मोठ्या कॉलेजातली इंटर्न चाळीस मिनिटं उशिरा आली, तर, "बस मिळाली नाही का गं?"

मी कोरा फॉर्म त्यांच्या टेबलावर ठेवला.

मॅडमनी चष्मा लावून तो नीट भरला. 'शिक्षा काय द्यावी' या रकान्यात लिहिलं, "मॅडमने सगळ्यांसाठी चहा आणावा." आणि पर्स घेऊन खाली गेल्या.

* * *

परवा पालकांसाठी नवा फॉर्म करायचा होता. "प्रसंग तू लिही," मॅडम म्हणाल्या. मी लिहिला. चार मुलं, एक काच. तिघांना समज, चौथ्याला टीसी. चौथ्याचं नाव ठेवलं मुरुगन. पहिला फॉर्म बाबांपुढे ठेवला.

या वेळी बाबांनी वाचला. दोनदा वाचला.

"या मुरुगनचा बाप कुठे होता?"

"आला होता."

"मग?"

"सही करून गेला."

बाबा पेनचं टोपण लावत-काढत बसले. मग 'चूक कुणाची' या रकान्यात, स्टोअरच्या रजिस्टरात लिहितात तशा वळणदार अक्षरात लिहिलं, "बापाची."

आणि खाली सही. पूर्ण नावाची.

नियमाप्रमाणे फॉर्म बाद झाला. माझं शिक्षण अजूनही दहावीच.