आग्रहाचे प्राचार्य

आमच्या पालघरच्या ख्रिस्ती कॉलेजात मी उपप्राचार्य होतो, म्हणजे प्राचार्य कधी निवृत्त होतात याची वाट बघणं हे माझं मुख्य काम. उरलेल्या वेळात मी इतिहास शिकवायचो.

प्राचार्य सर हाडाचे उपदेशक. रविवारी कॉलेजच्या चर्चमध्ये ते व्यासपीठावर उभे राहिले, की नोहा तारवातून बाहेर पडेपर्यंत घरोघरच्या आमट्या आटून जायच्या. साठी उलटल्यावर एका मार्चमध्ये त्यांनी निरोप घेतला. आम्ही प्राध्यापकांनी भेट म्हणून मुद्दामच भिंतीवरचं मोठं घड्याळ निवडलं. आभार मानायला मी उठलो. आता पाहुणा निघाला की आपण ‘बसा हो, एवढ्यात कुठं?’ म्हणतोच, आणि तो ‘नको, निघतो’ म्हणतो. त्याच रीतीनं मी गहिवरून म्हणालो, "सरांनी आम्हाला सोडून जाऊ नये, ही कळकळीची विनंती."

सरांनी चष्मा पुसला. म्हणाले, "बरं. तुमचा एवढा आग्रहच असेल तर राहतो."

टाळ्या पडल्या. मीही वाजवल्या, काय करणार! मुंबईच्या मिशन कमिटीलाही ते सोयीचं पडलं. सरांनी घड्याळ प्रामाणिकपणे परत केलं. ते चर्चमध्ये व्यासपीठामागच्या भिंतीवर लागलं. सगळ्यांना दिसायचं, फक्त उपदेश करणाऱ्याला सोडून.

हिनं प्राचार्यांच्या बंगल्याच्या खिडक्यांसाठी पडदे शिवून ठेवले होते, ते ट्रंकेत गेले. पुढच्या मार्चला घड्याळ खाली उतरलं, कागदात गुंडाळलं, सरांना दिलं. आभार मानायला पुन्हा मीच. निरोपाच्या सभेत आग्रह केला नाही तर माणूस किती कोरडा दिसतो! मी केला. सर राहिले. घड्याळ खिळ्यावर. हे दरसाल चाललं. तारापूरला वीजकेंद्राचं काम सुरू झालं, बोईसर स्टेशनवर हिंदी ऐकू येऊ लागली, माझं टक्कल पूर्ण झालं. पडदे ट्रंकेतच.

शेवटी एका मार्चला हिनं मला दारात अडवलं. "आज तोंडातून ‘राहा’ निघालं, तर मी पडद्यांसकट माहेरी जाते."

त्या दिवशी मी आभार मानले आणि सरळ खाली बसलो. सगळे माझ्याकडे बघत राहिले. तेवढ्यात बोईसरजवळच्या नवापूरहून आलेली एका विद्यार्थिनीची आई उठली. "सर, तुमी जाव नका. माजी धाकटी अजून कॉलेजात यायची हाय."

सर माझ्याकडे बघत होते आणि मी माझ्या चपलेच्या अंगठ्याकडे.

"बाई, ज्यांनी आग्रह करायचा ते दमले," सर हसून म्हणाले आणि घड्याळ काखोटीला मारून निघाले. इतकी वर्षं हवं होतं ते मिळालं होतं, आणि मला फार वाईट वाटलं. संध्याकाळी हिनं मला पडद्याच्या दांड्या आणायला पिटाळलं, म्हणून बरं.

प्राचार्य झालो म्हणजे रविवारचा उपदेशही आलाच. पहिल्या रविवारी व्यासपीठावर चढून पाहतो, तर समोर पहिल्याच बाकावर सर. गेले होते ते फक्त पालघरशेजारच्या माहीमपर्यंत, एका जुन्या विद्यार्थ्याच्या वाडीत खोली घेऊन राहिले होते. आणि दाराच्या वर, थेट माझ्या नाकासमोर, ते घड्याळ. भेट परत करायची सवय त्यांना सुटली नव्हती. फक्त खिळा या वेळी त्यांनी स्वतः ठोकला होता.

काटा दिसला की माझं वाक्य तुटायचं. नोहाला मी तारवात चढवला आणि पाऊस पडायच्या आतच आशीर्वाद देऊन मोकळा झालो. लोक खुशीत घरी निघाले. दारात सरांनी माझा हात हातात घेतला.

"निघालात? बसा हो," ते म्हणाले, "एवढ्यात कुठं?"

पुढच्या रविवारी मी सगळ्यांच्या आधी चर्चमध्ये गेलो, खिळा उपटला आणि घड्याळ पुन्हा व्यासपीठामागे लावलं. त्या दिवशी आमच्या घरची आमटी आटली. सर पहिल्या बाकावर बसून, माझ्या खांद्यावरून, उघड उघड घड्याळ बघत होते.