जावयाचं पोट आणि शकुनाचं दही

तीस वर्षं मी गावच्या दूध संकलन केंद्रावर फॅट मोजली, आणि दुधापासून काय काय होतं हे मला अजून नीट कळलेलं नाही. हे मी अभिमानानं सांगत नाही. दमून सांगतोय.

आमचे जावई नितीनराव पुण्याचे. त्यांना दूध पचत नाही. दिवाळीला आमच्या म्हशीच्या दुधाची बासुंदी खाऊन त्यांनी पाडव्याचा अख्खा दिवस संडासात काढला होता. त्यामुळं या खेपेला येण्याआधी मुलीचा, मनीषाचा, फोन आला.

"आण्णा, शेवटचं सांगते. परत यांचं पोट बिघडलं, तर आम्ही लॉजवर उतरू."

जावई लॉजवर! आष्ट्याच्या आसपास सासऱ्याची यापेक्षा मोठी बेअब्रू अजून कुणाला सुचलेली नाही. मनीनं मोबाइलवर यादी पाठवली : दूध, दही, ताक, लोणी, खवा, पनीर, चीज. मी ती मोठ्या अक्षरात लिहून फ्रीजवर चिकटवली. (फ्रीजच्या आत हेच सगळं होतं.)

पहिली हरकत घरातूनच आली.

"आवं, ताकात कुटलं आलंय दूद?" आमची शालन म्हणाली. "लोणी काडल्यावर पाणीच की ऱ्हातं!"

"मनी न्हाई म्हणतीया."

"मनीला काय कळतंय? ताकावरच मोटी केलीया तिला!"

मी ताक शेजारी देऊन आलो. मग घर तपासायला घेतलं. केंद्राच्या फ्रीजमध्ये दह्याच्या शेजारी अंडी ठेवतात, म्हणून मी अंडी दुधाच्या पदार्थांत धरली आणि तीही शेजारी दिली. नारळाचं दूध काढायला शालननं खोबरं किसलं होतं, ते मी दुधाच्या नावाखाली जप्त केलं. तुपालाही हद्दपार केलं. एवढं करून मी आष्ट्याला गेलो आणि बेकरीतून चीजचं पाकीट घेऊन आलो! म्हणजे चीज यादीत होतं, पण बेकरीतलं हे पिवळं, चौकोनी, प्लॅस्टिकात गुंडाळलेलं प्रकरण कुठल्या म्हशीच्या पोटातून आलं असेल, असं मला तरी वाटेना. शहरातल्या माणसाला सकाळी ब्रेडमध्ये घालून देऊ, एवढाच प्रेमळ विचार.

मनीनं आल्या आल्या पाकीट उचललं. "आण्णा, हे काय?"

"चीज. पण बेकरीतलं हाय. डेअरीतलं न्हवं."

तिनं डोक्याला हात लावला. मग ती शांतपणे शिकवायला बसली. चीज कुठंही मिळो, ते दुधाचंच. अंडं कोंबडीचं, त्याचा दुधाशी संबंध नाही. नारळाचं दूध बिनधास्त चालतं. तूप चमचाभर यांना सोसतं. तिनं बॅगेतून सोयाबीनच्या दुधाचा खोका काढला आणि त्याचा चहा केला. मी एक घोट घेतला. मटकीच्या पाण्यात साखर घालावी तसं लागलं, पण मी "लय झ्याक" म्हणालो. सासरा होणं सोपं नाही.

शेजारणीकडून अंडी परत मागून आणली. (तिनं ताकही परत करू का विचारलं.) दोन दिवस मी जावयाच्या ताटावर पहारा दिला. शालन वाटी घेऊन निघाली की मी मधे उभा.

"काय हाय त्यात?"

"मटणाचा रस्सा हाय! सरका की आता!"

दुसऱ्या दिवशी दुपारी जेवून नितीनराव म्हणाले, "मामा, खरंच, या घरात पहिल्यांदाच माझं पोट शांत आहे." मला भरून आलं. तीस वर्षांच्या नोकरीत मला कुणी शाबासकी दिली नव्हती, ती या पोटानं दिली.

जेवणं झाल्यावर ती दोघं निघाली. पुढच्याच सकाळी नितीनरावांची पुण्यात नव्या नोकरीची मुलाखत होती. मनी मागं डिकीत पिशव्या भरत होती. जावई गाडीत बसणार, एवढ्यात मला आठवलं.

"थांबा पाव्हणं! मुलाखतीला असंच जातासा व्हय?"

आत पळालो. वाटी घेतली. एक मोठा चमचा त्यांच्या हातावर घातला, कमी वाटला म्हणून दुसराही घातला. त्यांनी हाताकडं पाहिलं, माझ्याकडं पाहिलं. बिचाऱ्यांनी डोळे मिटून हात चाटला आणि वाकून नमस्कार केला. काय संस्कार! मी शालनला म्हणालो, "बग, आता येतील दिवाळीला."

तासाभरानं फोन वाजला.

"आण्णा, आम्ही वाटेत मलकापूरला थांबलोय."

"च्याला का?"

"लॉजवर! हे बाथरूममधून बाहेर येईनात. निघताना काय दिलंत यांना?"

शालननं ओट्यावरची वाटी उचलून माझ्यापुढं धरली. तळाला दही-साखर अजून होती.

"आवं, दही यादीत दुसरंच व्हतं की!"

"अगं पन ते खायाचं दही," मी म्हणालो. "ह्ये शकुनाचं."

मला खरंच तसं वाटलं होतं, आणि त्याचीच जास्त लाज वाटते. तीस वर्षं लोकांच्या दुधातलं पाणी मी नुसत्या नजरेनं ओळखलं, आणि स्वतःच्या हातातलं दही ओळखलं नाही.

नितीनरावांना नोकरी लागली. दिवाळीलाही ते येणार आहेत, इथंच उतरणार आहेत. फक्त मनीनं नवी यादी पाठवलीय. तीत दूध दुसऱ्या नंबरवर गेलंय. पहिल्या नंबरला लिहिलंय : आण्णांच्या हातचं काहीही.